भार जातो कुठे? (वॉटसन्स हॉटेलची गोष्ट)

मुंबईत काळा घोड्याला गेलात की लोक काय काय दाखवतात. जहांगीर आर्ट गॅलरी, डेव्हिड ससून लायब्ररी, एल्फिन्स्टन कॉलेज. खुद्द काळा घोडा मात्र १९६५ सालीच तिथून उचलून राणीच्या बागेत नेला (पाठीवर सातवे एडवर्ड बसलेले होते ना, म्हणून!). २०१७ मध्ये नवीन घोडा आला, पण त्याच्यावर स्वार नाही. असो. मला सांगायचं आहे ते दुसऱ्याच गोष्टीबद्दल. ससून लायब्ररीच्याच रांगेत, आर्मी अँड नेव्ही बिल्डिंगच्या शेजारी एक पाच मजली इमारत आहे. तिच्याकडे फारसं कुणी मान वर करून बघत नाही. बघितलंच तर "ही अजून पडली कशी नाही?" एवढंच मनात येतं. नाव एस्प्लनेड मॅन्शन. मूळ नाव वॉटसन्स एस्प्लनेड हॉटेल.

बिडाच्या सांगाड्यावर उभ्या असलेल्या आणि आजवर टिकलेल्या इमारतींमध्ये ही भारतातली सगळ्यात जुनी मानली जाते. १८६७ ते १८६९ या काळात ती उभारली आणि १८७१ मध्ये हॉटेल सुरू झालं. भारतात सिनेमा पहिल्यांदा दाखवला तो इथे. मार्क ट्वेन राहिला तो इथे. आणि २०१९ मध्ये कोर्टाच्या आदेशाने रिकामी करून "पाडायची की वाचवायची" यावर भांडण झालं तेही हिच्यावरूनच.

हॉटेलच्या वैभवाबद्दल लिहिणारे भरपूर आहेत. मला कुतूहल आहे ते वेगळं. एका नावाजलेल्या इंजिनियरने हिशोब करून, सुट्या भागांत विचार करून बांधलेली वस्तू या अवस्थेला आली कशी? लोखंड कमी पडलं की आणखी काही? मी सॉफ्टवेअरवाला माणूस, सिव्हिलचा नाही. पण जुन्या सिस्टिम का कोसळतात हा प्रश्न आमच्या धंद्यातही रोजचाच आहे, त्यामुळे ही गोष्ट सोडवत नाही.

तर सुरुवात १८६० च्या दशकापासून करू.

त्या काळातली मुंबई म्हणजे डॉट कॉमच्या फुग्यासारखी होती. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध सुरू झालं, दक्षिणेकडच्या राज्यांचा कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेनासा झाला, आणि सगळी मागणी मुंबईकडे वळली. कापसाचे भाव गगनाला भिडले. पैसा एवढा आला की त्याचं करायचं काय ते लोकांना कळेना. मग कंपन्या निघाल्या, बँका निघाल्या, समुद्र बुजवण्याच्या योजना निघाल्या आणि त्या सगळ्यांचे शेअर्स निघाले. १८६५ मध्ये युद्ध संपलं आणि फुगा फुटला. कापसाचा राजा म्हणवले जाणारे प्रेमचंद रायचंदसुद्धा त्यात बुडाले.

पण फुगा फुटायच्या आधी शहराने एक मोठं काम करून घेतलं होतं. १८६२ मध्ये बार्टल फ्रियर गव्हर्नर म्हणून आला आणि त्याने फोर्टची जुनी तटबंदी पाडायला घेतली. तट गेला, खंदक गेले, आणि तटाच्या बाहेर जो मोकळा माळ होता, एस्प्लनेड, त्याच्या कडेने बांधकामासाठी प्लॉट निघाले. आज आपण फोर्टमध्ये ज्या भव्य इमारती बघतो त्यातल्या कितीतरी या एका निर्णयाची मुलं आहेत. प्लॉट लिलावाने विकले गेले, आणि एक प्लॉट घेतला जॉन हडसन वॉटसन नावाच्या इंग्रज कापडवाल्याने. त्याचं मुंबईत कापडाचं, कपडे शिवण्याचं चांगलं चालणारं दुकान होतं. गिऱ्हाईक अर्थातच साहेबलोक. दुकानदाराने हॉटेल काढावं यात फारसं नवल नाही, पण ते त्याने ज्या पद्धतीने काढलं त्यात आहे.

वॉटसनने अख्खी इमारत इंग्लंडहून मागवली!

म्हणजे शब्दशः. डिझाइन केलं रोलँड मेसन ऑर्डिश नावाच्या सिव्हिल इंजिनियरने. लोखंडाचे भाग डर्बीच्या कारखान्यात ओतले गेले, जहाजात भरले गेले आणि मुंबईत आणून एकमेकांना जोडले गेले. सुएझ कालवा उघडला नोव्हेंबर १८६९ मध्ये. त्याआधी निघालेल्या मालाला आफ्रिकेला वळसा घालून यावं लागत होतं. विटा, सिमेंट, फरश्या यांसारखा मालही साहेबाने विलायतेतूनच आणवला. हॉटेलच्या रेस्टॉरंटमध्ये पुढे इंग्लिश वेट्रेस ठेवल्या, तेव्हा लोक म्हणायचे म्हणे, की वॉटसनने एवढं सगळं आणलं, तर येताना तिकडची हवाही का नाही आणली? :-)

आता हा ऑर्डिश कोण? क्रिस्टल पॅलेस हे नाव तुम्ही ऐकलं असेल. १८५१ मध्ये लंडनच्या हाइड पार्कमध्ये भरलेल्या जगप्रसिद्ध प्रदर्शनाची ती काचेची आणि लोखंडाची इमारत. ऑर्डिश तरुणपणी त्या कामावर होता, त्याच्या ड्रॉइंगमध्ये त्याचा हात होता. क्रिस्टल पॅलेसची मोठी गंमत अशी की ती सारख्या मापाच्या, कारखान्यात आधीच तयार केलेल्या भागांची होती. एकच खांब हजारदा, एकच तुळई हजारदा, एकाच मापाची काच लाखो वेळा. त्यामुळे ती काही महिन्यांत उभी राहिली. आणि प्रदर्शन संपल्यावर काय केलं? सुटी केली आणि लंडनच्या दक्षिणेला सिडनहॅम इथे नेऊन पुन्हा उभी केली, आधीपेक्षा मोठी. १९३६ मध्ये ती जळाली, पण तोवर चांगली आठ दशकं टिकली.

हे लक्षात ठेवा, पुढे कामाला येईल. ऑर्डिश ज्या शाळेत शिकला त्या शाळेत इमारत म्हणजे भाग जोडून केलेली वस्तू होती. भाग खराब झाला तर काढा आणि दुसरा बसवा. आमच्या भाषेत, मॉड्युलर.

वॉटसन्सच्या आत काय चाललंय ते समजून घ्यायला थोडं लोखंडाबद्दल बोलावं लागेल. लोखंड म्हणजे एकच पदार्थ नव्हे. एक ओतीव लोखंड, म्हणजे बीड. आपल्याकडे बिडाचा तवा असतो ना, तेच. बीड दाबाला फार मजबूत असतं. वरून कितीही वजन द्या, सहसा हूं की चूं करत नाही. पण ओढायला किंवा वाकवायला गेलात तर कटकन मोडतं. बिडाचा तवा हातातून निसटून फरशीवर आपटला तर तडकतो, पोळीचा साधा पत्र्याचा तवा आपटला तर फक्त पोचा येतो. दुसरं घडीव लोखंड. ते ओढ सहन करतं, वाकतं, मोडायच्या आधी इशारा देतं. त्यामुळे त्या काळच्या इंजिनियरांचा साधा नियम असा होता: उभ्या खांबांना बीड, कारण खांबावर दाब येतो. आडव्या तुळयांना घडीव लोखंड, कारण तुळईच्या खालच्या अंगाला ओढ बसते. वॉटसन्समध्ये हेच आहे.

पण खरी गोष्ट भिंतींची आहे. तोपर्यंतच्या बहुतेक दगडी-विटांच्या इमारतींत भिंत दोन कामं करायची. ऊन-पाऊस अडवायची आणि वरच्या मजल्यांचं ओझंही उचलायची. त्यामुळे मजले जितके जास्त तितकी तळाची भिंत जाड. वॉटसन्समध्ये ही दोन कामं वेगळी केली आहेत. ओझं उचलतो तो लोखंडाचा सांगाडा. विटांची भिंत फक्त मधली जागा भरते, ती पातळ असली तरी चालते. मजल्यावरचं वजन तुळईवर, तुळईचं खांबावर, खांबाचं पायावर आणि पायाचं जमिनीत. स्ट्रक्चरवाले याला 'लोड पाथ' म्हणतात, म्हणजे भाराची वाट. इमारतीतल्या प्रत्येक किलोला जमिनीपर्यंत पोचायची एक अखंड वाट असली पाहिजे. वाट कुठे तुटली तर तो भार हवेत राहत नाही, तो स्वतःच स्वतःची वाट शोधतो. आणि ती सहसा तुमच्या डोक्यावरून जाते.

ही कल्पना जगात पहिल्यांदा मुंबईत आली असं मात्र नाही, उगाच छाती फुगवायला नको. इंग्लंडमध्ये शीअरनेस इथल्या नौदलाच्या गोदीत १८६० च्या सुमाराला लोखंडी सांगाड्याचं चार मजली बोट-गोदाम बांधलं गेलं होतं. पण ते गोदाम होतं. माणसांनी राहायची, शंभराहून जास्त खोल्यांची, बाहेरूनही आपलं लोखंड न लपवणारी एवढी मोठी इमारत त्या काळी विरळाच. गगनचुंबी इमारतींची आजी म्हणून जिचं नाव घेतात ती शिकागोची होम इन्शुरन्स बिल्डिंग १८८५ ची आहे. म्हणजे वॉटसन्स तिच्यापेक्षा दीड दशक मोठी. पण मुंबईकरांना ती आवडली असं नाही. आजूबाजूला दगडी गॉथिक इमारती उठत होत्या, आणि त्यांच्यात हे लोखंडी गजांचं धूड. त्या काळी तिची तुलना चक्क पक्ष्याच्या पिंजऱ्याशी झाली होती.

पिंजरा असला तरी पक्षी मोठे होते. १३० खोल्या, प्रत्येक मजल्याला लांबच लांब उघड्या गॅलऱ्या, मधोमध काचेच्या छपराचं दालन, तिथे नाचगाणी. जानेवारी १८९६ मध्ये मार्क ट्वेन इथे उतरला होता. त्याने आपल्या प्रवासवर्णनात मुंबईबद्दल पुष्कळ लिहिलं, पण सगळ्यात जास्त प्रेमाने लिहिलं ते इथल्या कावळ्यांबद्दल. गॅलरीच्या कठड्यावर बसून हे कावळे साहेबाचे कपडे, रंगरूप, भारतात येण्याचं कारण यावर आपापसात चर्चा करतात अशी त्याची तक्रार होती. मुंबईचे कावळे बघितलेला कुणीही माणूस याला साक्ष देईल.

त्याच वर्षी ७ जुलैला ल्युमिएर बंधूंचा माणूस, मारियस सेस्तिए, ऑस्ट्रेलियाला जाता जाता मुंबईत थांबला आणि त्याने वॉटसन्समध्ये 'सिनेमॅटोग्राफ'चे खेळ लावले. तिकीट एक रुपया. छोट्या छोट्या सहा फिल्म. स्टेशनात येणारी आगगाडी, कारखान्यातून सुटणारे कामगार वगैरे. त्यातली एक होती भिंत पाडण्याची. मजूर धक्का देतात, भिंत कोसळते, धुरळा उडतो, संपलं. (ही फिल्म उलटी फिरवून पडलेली भिंत परत उभी करण्याचा प्रयोगही त्या काळात लोकप्रिय होता.) एका आठवड्यात हे खेळ नॉव्हेल्टी थिएटरमध्ये हलले. ते बघून आपल्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावेदादांनी, विलायतेतून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला कुस्तीचं चित्रण केलं. भारतीय माणसाने काढलेल्या पहिल्या काही फिल्मपैकी ती एक. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला अजून १४ वर्षं होती.

आता तुम्ही वाट बघत असाल त्या गोष्टीकडे येतो. जमशेटजी टाटांना वॉटसन्सच्या दारातून परत पाठवलं, आणि त्या रागाने त्यांनी ताज बांधलं. ही गोष्ट आपल्या सगळ्यांना आवडते, मलाही. पण तिला समकालीन पुराव्याचा आधार नाही आणि इतिहासकार तिच्याकडे दंतकथा म्हणूनच बघतात. शिवाय जमशेटजींसारखा माणूस, ज्याच्या डोक्यात पोलादाचा कारखाना, वीज आणि विज्ञानसंस्था घोळत होत्या, त्याने हॉटेल केवळ रागाने बांधलं म्हणणं म्हणजे त्यांनाच लहान करणं. एवढं मात्र खरं, की डिसेंबर १९०३ मध्ये ताज सुरू झालं आणि वॉटसन्सची सद्दी संपली. समुद्राच्या काठावर, विजेच्या दिव्यांचं नवंकोरं हॉटेल असताना पिंजऱ्यात कोण जाणार?

इथून पुढची गोष्ट कमी झगमगीत आहे, पण माझ्या दृष्टीने हीच खरी गोष्ट आहे.

हॉटेल बंद पडलं. मालक बदलले. नाव आधी महेंद्र मॅन्शन झालं, मग एस्प्लनेड मॅन्शन. मोठ्या खोल्यांमध्ये लाकडी पार्टिशनं पडली आणि एकाचे दोन, दोनाचे चार गाळे झाले. हायकोर्ट आणि सेशन्स कोर्ट हाकेच्या अंतरावर, त्यामुळे वकिलांची चेंबर्स आली. टायपिस्ट, झेरॉक्सवाले, छोटी ऑफिसं, तळाला दुकानं आणि मधून मधून राहणारी कुटुंबंसुद्धा. नाचाच्या दालनाचा मधला चौक झाला, त्यात पाइप आणि वायरींचं जाळं. उघड्या गॅलऱ्या ज्याला जशा हव्या तशा बंद केल्या गेल्या. बाहेरून बघणाऱ्याला ही बकाली वाटते. पण हेही खरं, की साहेबांसाठी बांधलेल्या या इमारतीत सर्वसामान्य मुंबईकराने हक्काने पाऊल टाकलं ते याच काळात. कितीतरी वकिलांचं आयुष्य त्या जिन्यांवर गेलं.

आणि आला भाडे नियंत्रण कायदा. युद्धाच्या आणि फाळणीच्या काळात घरमालकांनी लोकांना लुबाडू नये म्हणून १९४७ चा कायदा झाला, आणि भाडी साधारण सप्टेंबर १९४० च्या पातळीवर गोठली. त्या वेळी ते योग्यच होतं. गिरणगावातल्या, गिरगावातल्या लाखो मराठी कुटुंबांच्या डोक्यावरचं छप्पर या कायद्याने टिकलं, हे विसरून चालणार नाही. पण तात्पुरता म्हणून आलेला कायदा मुदतवाढीवर मुदतवाढ घेत पन्नास वर्षं राहिला. १९९७ मध्ये सुप्रीम कोर्टानेच म्हटलं की इतक्या वर्षांनी भाडी तशीच गोठवून ठेवणं वाजवी नाही. मग १९९९ चा नवीन कायदा आला, वर्षाला चार टक्के वाढ मिळाली, आणि पागडीला कायद्याने मान्यता मिळाली. पण चार टक्के कशावर? जवळजवळ शून्यावर.

आता प्रत्येकाच्या जागी उभं राहून बघा. मालकाचं भाडं इतकं कमी, की त्यातून रंगाचा डबासुद्धा येणार नाही. तो दुरुस्ती का करेल? उलट इमारत पडली तर त्याला मोकळी जमीन मिळेल, तीही फोर्टमध्ये. भाडेकरूने पागडी मोजली आहे, त्याची जागा म्हटली तर त्याची आहे. पण ती त्याच्या पार्टिशनपर्यंत. खांब, तुळई, छप्पर त्याचे नाहीत, तो त्यावर पैसा का घालेल? तो आपल्या गाळ्यात एसी बसवतो, फॉल्स सीलिंग लावतो, आणि त्या सीलिंगच्या वर काय चाललंय ते दिसायचं बंद होतं. सरकारने मुंबईतल्या जुन्या इमारतींसाठी उपकर घ्यायला सुरुवात केली, दुरुस्ती मंडळ काढलं, पुढे ते म्हाडाकडे गेलं. पण हजारो इमारती आणि दर चौरस मीटरला ठरलेली खर्चाची मर्यादा. त्यात ठिगळं लागतात, दीडशे वर्षांचा बिडाचा सांगाडा दुरुस्त होत नाही. १९९५ मध्ये मुंबईची वारसा नियमावली आली, वॉटसन्सला ग्रेड दोन-अ मिळाली. वारसा समिती 'पाडू नका' म्हणू शकते. 'दुरुस्त करा आणि हे घ्या पैसे' असं तिला म्हणता येत नाही.

चौघेही आपापल्या जागी बरोबर आहेत! यातल्या कुणालाही खलनायक करून लेख संपवता येत नाही, हीच तर अडचण आहे.

दरम्यान लोखंड कुणासाठी थांबत नाही. मुंबईची खारी हवा, चार महिन्यांचा पाऊस, तुंबलेले पाइप. गंज चढलेलं लोखंड फुगतं, मूळ धातूच्या कितीतरी पट जागा व्यापतं. विटांच्या आत गाडली गेलेली तुळई गंजली की ती विटांना आतून ढकलते, तडा जातो, तड्यातून पाणी आत जातं आणि आणखी गंज चढतो. ही प्रक्रिया सुरुवातीला अगदी स्वस्तात थांबवता येते. गंज खरवडणं, रंग देणं, पाण्याची वाट मोकळी ठेवणं. उघड्या लोखंडाच्या इमारतीला ठराविक काळाने रंग द्यावाच लागतो, तिला बांधणाऱ्याने हे गृहीतच धरलेलं असतं. काम कंटाळवाणं, नाव न मिळवून देणारं, पण न चुकवता करायचं.

२००५ मध्ये दर्शनी भागाचा एक हिस्सा कोसळला आणि एक माणूस मेला. खाली उभ्या गाड्या चिरडल्या. त्याच वर्षी वर्ल्ड मॉन्युमेंट्स फंडने तिला जगातल्या धोक्यातल्या शंभर वारसास्थळांच्या यादीत घातलं. म्हणजे एकाच वर्षी इमारत जागतिक कौतुकाची धनी झाली आणि एका माणसाच्या मृत्यूचं कारणही. त्यानंतर पुन्हा नोटिसा, पुन्हा अर्ज, पुन्हा तारखा. शेवटी २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने रहिवाशांना आणि वकिलांना बाहेर काढायला लावलं. आयआयटी मुंबईच्या अहवालाने इमारत दुरुस्तीच्या पलीकडे गेल्याचं सांगून ती पाडावी असं सुचवलं. वारसावाले आणि काही स्ट्रक्चरल इंजिनियर म्हणाले, नाही, वाचवता येईल. दोन्हीकडे जाणकार माणसं होती. आणि मला वाटतं दोघांचाही प्रश्न थोडा उशिरा विचारला गेला होता.

आता त्या ऑर्डिशकडे परत जाऊ. त्याची दोन कामं लंडनमध्ये आजही आहेत, आणि ती वॉटसन्सच्या सख्ख्या भावंडांसारखी आहेत. वयसुद्धा जवळपास तेच.

एक आहे सेंट पँक्रस स्टेशनचं छत. १८६८ चं. मूळ इंजिनियर बार्लो, त्याच्याबरोबर ऑर्डिश. मध्ये एकही खांब नसलेली २४० फुटांची लोखंडी कमान. १९६० च्या दशकात हे स्टेशन पाडायचं घाटत होतं. कवी जॉन बेचमन आणि इतरांनी आरडाओरडा केला, १९६७ मध्ये त्याला पहिल्या दर्जाच्या वारसा यादीत घातलं गेलं. नंतरही बरीच वर्षं ते मरगळलेलंच होतं. पण स्टेशन रेल्वेचं होतं, रेल्वेला ते वापरायचं होतं, आणि २००७ मध्ये युरोस्टारचं स्टेशन म्हणून ते नव्याने उघडलं. पॅरिसची गाडी आज ऑर्डिशच्या छताखालून सुटते.

दुसरा आहे थेम्सवरचा अल्बर्ट ब्रिज, १८७३ चा. हा मला जास्त आवडतो, कारण तो मुळातच थोडा नाजूक निघाला. हलायचा! सैनिकांनी पुलावरून जाताना पावलं तालात टाकू नयेत अशी पाटी तिथे अजून आहे. आधी तो खासगी टोल कंपनीचा होता आणि कंपनी तोट्यात होती. १८७९ च्या सुमाराला लंडनच्या मेट्रोपॉलिटन बोर्ड ऑफ वर्क्सने तो ताब्यात घेतला आणि टोल बंद केला. मग त्यांचा इंजिनियर बॅझलजेट तिथे गेला, त्याने तपासणी केली, त्याला ऑर्डिशच्या गजांवर गंज दिसला. १८८४ ते १८८७ या काळात त्याने पुलाची दुरुस्ती केली, पोलादी साखळ्या घातल्या. १९५० च्या दशकात पाडायचा विचार झाला, लोकांनी हाणून पाडला. १९७३ मध्ये मधोमध काँक्रीटचे दोन खांब टेकवले. शुद्धतावादी म्हणतील, हा आता ऑर्डिशचा पूल राहिलाच नाही. अर्धा टांगता, अर्धा तारांचा, मध्ये टेकू. पण तो उभा आहे.

एकच इंजिनियर, एकाच दशकातलं लोखंड. लंडनची हवा काही फार कोरडी नाही, आणि अल्बर्ट ब्रिज तर वॉटसन्सपेक्षा कच्चा निघाला होता. फरक कुठे पडला? पूल ज्या दिवशी एका संस्थेच्या गळ्यात पडला त्या दिवशी 'गंज कुणाचा' या प्रश्नाला उत्तर मिळालं. बॅझलजेटला कुणाची परवानगी मागत बसावं लागलं नाही, आणि "हे माझं काम नाही" असं म्हणायची सोयही त्याला नव्हती.

मी मघाशी भाराच्या वाटेबद्दल बोललो. मला वाटतं जबाबदारीलाही तशीच वाट लागते. छतातून पाणी गळतंय इथून सुरू होऊन, ते कुणीतरी पैसे देऊन, कुणीतरी शिडी लावून बंद केलं इथपर्यंत अखंड वाट. वॉटसन्समध्ये लोखंडी सांगाड्याची वाट ऑर्डिशने चोख आखली होती. दुसरी वाट मात्र प्रत्येक टप्प्यावर तुटली. भाडेकरूकडून मालकाकडे, मालकाकडून मंडळाकडे, मंडळाकडून वारसा समितीकडे, तिथून कोर्टाकडे. प्रत्येकाने भार पुढच्याकडे ढकलला. शेवटी तो २००५ मध्ये रस्त्यावरच्या एका माणसावर जाऊन पडला, ज्याचा या कशाशीही संबंध नव्हता.

आमच्या धंद्यात हे रोज बघतो. एका जुन्या कंपनीत असताना (नाव जाऊ द्या) एक मॉड्युल होतं, वीस वर्षांपूर्वी कुणा हुशार माणसाने लिहिलेलं. अजूनही ते मुकाट्याने काम करायचं. चार टीम ते वापरायच्या, पण ते कुठल्याच टीमचं नव्हतं. प्रत्येक जण त्याच्याभोवती आपलं पार्टिशन टाकायचा, आपलं फॉल्स सीलिंग लावायचा. मीटिंगमध्ये वाद व्हायचा तो "हे पूर्ण फेकून नवीन लिहायचं का?" असा. त्याचा मालक कोण हे ठरवायची मीटिंग माझ्या आठवणीत एकदाही झाली नाही. कारण पाडायचं की ठेवायचं या वादात एक रुबाब आहे, दोन्ही बाजूंना हिरो होता येतं. दर पावसाळ्याआधी गच्चीवरची पन्हाळी साफ करण्यात तो नाही.

म्हणून "वॉटसन्स पाडावं का?" असं मला कुणी विचारलं तर माझं उत्तर थोडं वेगळं आहे. माणसांच्या डोक्यावर पडणारी इमारत तशीच ठेवा असं म्हणायचा हक्क लांबून कौतुक करणाऱ्या आपल्यासारख्यांना नाही. पण तिचा जन्मच सुट्या भागांतून झालाय. क्रिस्टल पॅलेस सुटा करून दुसरीकडे उभा करता आला. वॉटसन्सचे मजले, भिंती, पार्टिशनं उतरवता येतात, खराब तुळया बदलता येतात, हवा तर पोलादाचा टेकू देता येतो. खर्च प्रचंड आहे, आणि झालेली वस्तू शंभर टक्के मूळची राहणार नाही. न राहू दे, अल्बर्ट ब्रिज तरी कुठे राहिलाय? पण त्याआधी एका कागदावर एक नाव लिहावं लागेल. यापुढे या इमारतीचा गंज कुणाचा, आणि त्यासाठी दरवर्षी पैसे कुठून येणार. ते नाव लिहिल्याशिवाय दुरुस्त केलीत तर आणखी पन्नास वर्षांनी हीच केस परत उभी राहील. आणि ते नाव न लिहिता पाडून नवीन बांधलीत तर त्या नव्या इमारतीचंही तेच होईल, फक्त तिच्याबद्दल लिहायला कुणी येणार नाही.

मुंबईत वॉटसन्स एकच आहे, पण पागडीच्या, उपकराच्या, नोटिसा लागलेल्या इमारती हजारोंनी आहेत, आणि दर जुलैत त्यातली एखादी बातमीत येते. त्यात ना मार्क ट्वेन राहिला होता, ना सिनेमा लागला होता. पण माणसं राहतात. तुमची स्वतःची सोसायटी असली तरी सर्वसाधारण सभेत गच्चीच्या गळतीचा विषय निघाला की कोण कोण उठून चहाला जातं ते एकदा बघा!